टेकडी आतून ओली असते
वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरं

मे महिना लागला की मलबार हिल, वाळकेश्वर, नेपियन सी रोड आणि कंबाला हिलकडून येणाऱ्या पत्रांचा सूर बदलतो. यंदाचे बहुतेक प्रश्न वरवर वेगवेगळे आहेत: कुणाची भिंत फुगली आहे, कुणाच्या भिंतीला ओल आहे, कुणाला नळाला दाब मिळत नाही. पण आठांपैकी सहा प्रश्नांत गुन्हेगार एकच आहे, पाणी. ते कुठून येतं हे कळण्याआधी रंग, गिलावा आणि वॉटरप्रूफिंगवर पैसे घालू नका, एवढं सुरुवातीलाच सांगतो.

प्रश्न: आमच्या इमारतीमागे साधारण पाच मीटर उंचीची जुनी दगडी संरक्षक भिंत आहे. गेल्या वर्षी रंगकाम करताना ठेकेदाराने भिंतीतली भोकं ‘घाण दिसतात, डाग पडतात’ म्हणून गिलाव्याने बुजवून टाकली. आता भिंत मधोमध थोडी फुगल्यासारखी दिसते. काळजीचं कारण आहे का?
– सोसायटीचे एक कमिटी सदस्य, रिज रोड

उत्तर: आहे, आणि पाऊस सुरू व्हायच्या आत हालचाल करायला हवी.

ती भोकं म्हणजे वीप होल. भिंतीमागच्या मातीत मुरलेलं पाणी बाहेर पडायची ती वाट. डाग पडत होते याचा अर्थ ती आपलं काम चोख करत होती. ती बुजवल्यावर काय होतं ते आकड्यांत पाहा. पाच मीटर उंच भिंतीमागे कोरडी, चांगला निचरा होणारी मुरूमाची भर असेल, तर भिंतीच्या दर मीटर लांबीवर साधारण साडेसात टन आडवा रेटा येतो. मातीचे कण एकमेकांना धरून असतात, त्यामुळे त्या पातळीवर जेवढा उभा भार असेल त्याच्या साधारण एक तृतीयांशच ती बाजूला ढकलते. पाणी असं स्वतःला सावरत नाही. जेवढं खोल, तेवढं पूर्ण ताकदीनिशी ते बाजूलाही ढकलतं. तीच भर माथ्यापर्यंत पाण्याने भरली की एकट्या पाण्याचा रेटा सव्वाबारा ते साडेबारा टन होतो, आणि माती-पाणी मिळून तो साडेसोळा टनांच्या घरात जातो. म्हणजे दुपटीहून जास्त. जुन्या भिंती बांधणाऱ्यांनी हा हिशेब पाण्याला वाट आहे असं धरूनच केलेला असतो.

आता काम कसं करायचं. बुजवलेली भोकं शोधायला फार डोकं लागत नाही. ती ठरावीक अंतरावर, ओळीने आणि बहुधा एकाआड एक वरखाली असतात. हलक्या हातोडीने ठोकत गेलं की पोकळ आवाज येतो. छिन्नीने गिलावा काढा आणि आतली नळी मोकळी करा. इथे एक चूक हमखास होते. कामगार लांब सळई घालून ‘आरपार साफ’ करतो. सळई नळीच्या लांबीएवढीच आत जाऊ द्या, त्यासाठी तिच्यावर टेप गुंडाळून खूण करा. नळीमागे खडीचा गाळणथर असतो. तो फोडला की पुढे पाण्याबरोबर मातीही वाहून येते. भिंतीमागे आधीच पाणी साचल्याची शंका असेल तर वरच्या ओळीपासून सुरू करून खाली या. सगळ्यात खालचं भोक आधी फोडलं तर पाणी जोराने फुटतं आणि माती ओढून आणतं.

नवी भोकं पाडायची असतील तर कोअर कटरने पाडा, ब्रेकरने नाही. हादऱ्यांनी जुन्या चुन्यातल्या दरजा सुटतात. ७५ ते १०० मिमी व्यासाची पीव्हीसी नळी, आडव्या-उभ्या दोन्ही दिशांना दीड ते दोन मीटर अंतर, तोंड बाहेरच्या बाजूला उतरतं, आणि खालची ओळ जमिनीपासून १५० ते ३०० मिमी वर. नळीच्या आतल्या टोकाला जाळी आणि जिओटेक्स्टाइल (पाणी जाऊ देणारं, पण माती अडवणारं कापड) लावा.

पहिला मोठा पाऊस झाला की दुसऱ्या दिवशी टॉर्च घेऊन भिंतीच्या पायथ्याशी जा. भोकातून स्वच्छ पाणी ठिबकतंय, उत्तम. भोकं कोरडी आणि मधला दगड ओला, म्हणजे भोकं अजून तुंबलेली आहेत. पाणी गढूळ, तांबूस येतंय, म्हणजे मागची माती वाहते आहे. अशा वेळी वरच्या अंगणातले पेव्हर ब्लॉक खचलेत का ते लगेच बघा. आणि सगळ्यांत वाईट खूण अशी की भर पावसात इतका वेळ वाहणारी भोकं अचानक थांबतात. आत काहीतरी सरकून वाटा बंद झालेल्या असतात. मागे जमिनीवर भिंतीला समांतर भेग पडली, झाड किंवा खांब कलला, दारं अडकू लागली, तर भिंतीच्या पायथ्याशी असलेल्या खोल्या रिकाम्या करा आणि मग फोन करत बसा.

फुगवट्याबद्दल. भिंतीच्या माथ्यावर पक्का खिळा मारून ओळंबा सोडा. दर अर्ध्या मीटरवर दोरीपासून दगडापर्यंतचं अंतर मोजून तारखेसह वहीत लिहा. महिन्यातून एकदा, पावसाळ्यात आठवड्यातून एकदा. भेगेवर तीन मिमी जाडीची काचेची पट्टी इपॉक्सीने दोन्ही बाजूंना चिकटवा आणि तिच्यावर तारीख लिहा. काच तडकली म्हणजे हालचाल चालू आहे. जुना, स्थिरावलेला फुगवटा वर्षानुवर्षं टिकू शकतो. वाढणारा फुगवटा थांबत नाही. तो वाढतोय असं वहीत दिसलं की जिओटेक्निकल आणि स्ट्रक्चरल अभियंता दोघांना एकत्र बोलवा, एकट्या ठेकेदाराला नको. बाहेरून काँक्रीटचा जाड थर देऊन फुगवटा ‘दाबायचा’ सल्ला मिळेल. निचऱ्याशिवाय तसं करणं म्हणजे भोकं दुसऱ्यांदा बुजवणं.

प्रश्न: नेपियन सी रोडच्या उतारावर आमचं तळमजल्याचं घर आहे. टेकडीच्या बाजूच्या भिंतीला दरवर्षी ओल येते. गंमत म्हणजे पाऊस थांबून आठवडा झाला तरी ती वाढतच राहते. तीनदा वॉटरप्रूफ रंग दिला, तिन्ही वेळा पापुद्रे सुटले. काय चुकतंय?
– एक गृहिणी, नेपियन सी रोड

उत्तर: रंग चुकीच्या बाजूला दिला जातोय. पण आधी ते पाणी उशिरा का येतं ते पाहू, कारण उत्तर तिथेच आहे.

मलबार हिल दख्खनच्या बेसॉल्टची आहे. लाव्हाचे थर एकावर एक साचले, आणि हे थर मुंबईत पश्चिमेकडे, म्हणजे समुद्राच्या बाजूला कलले आहेत. म्हणूनच टेकडीची चौपाटीकडची, केम्प्स कॉर्नरकडची पूर्व बाजू तुटलेल्या कड्यासारखी उभी आहे, आणि तुमची पश्चिमेची बाजू त्यामानाने सावकाश उतरते. हा काळवत्री दगड स्वतः पाणी फारसं मुरू देत नाही. पाणी उतरतं ते त्यातल्या उभ्या भेगांतून, आणि मग दोन थरांमधल्या मऊ, कुजलेल्या पट्ट्यावर येऊन त्या थराच्या उतारानेच चालू लागतं. माथ्यावर पडलेला पाऊस असा आतल्या आत वाट काढत तुमच्या मागच्या भिंतीशी काही दिवसांनी पोचतो. तुमच्या भिंतीची जागा खोदताना हे थर उघडे पडलेले असतात, म्हणजे त्या पाण्याची वाट तुमच्या न्हाणीघरामागेच संपते.

पूर्वेकडे हाच प्रश्न वेगळ्या रूपात येतो. तिथे ओल नाही, उतार सरकायची भीती. ऑगस्ट २०२० च्या पहिल्या आठवड्यात कुलाब्याला चोवीस तासांत ३३० मिमीहून अधिक पाऊस झाला, तेव्हा बी. जी. खेर मार्गाखालचा उतार खाली एन. एस. पाटकर मार्गावर आला, तो याच बाजूचा.

तरीही सगळा दोष टेकडीवर ढकलू नका. आधी दोन स्वस्त चाचण्या करा. ओल्या भागावर एक फूट चौकोनाचा ॲल्युमिनियम फॉइल चारही कडांना टेप लावून ४८ तास चिकटवा. थेंब खोलीकडच्या बाजूला आले तर ती हवेतली दमट वाफ, खिडकी उघडी ठेवून भागेल. भिंतीकडच्या बाजूला आले तर पाणी भिंतीतून येतंय. मग त्या पाण्याचे थोडे थेंब बाटलीत जमवा आणि पोहण्याच्या तलावासाठी मिळणाऱ्या क्लोरिन तपासणी किटने तपासा. पिवळसर रंग आला तर त्यात नळाचं पाणी आहे, म्हणजे वरच्या कुणाची तरी जलवाहिनी गळते. रंग आला नाही तर मात्र नळाला निर्दोष ठरवू नका, क्लोरिन मातीतून झिरपताना उडून जातो. शंका असेल तर वरच्या मजल्यांची टाकी एका रात्रीसाठी बंद ठेवून ओलीची कड पेन्सिलने आखा.

पाणी टेकडीचंच असेल तर आतून दिलेला कुठलाही रंग टिकणार नाही. मागून दाब असतो, पाणी क्षार घेऊन पुढे येतं, क्षार रंगाखाली स्फटिक होऊन फुगतात आणि पापुद्रा सुटतो. ती पांढरी भुकटी बोटावर घेऊन पाहा, तीच.

खरा उपाय म्हणजे भिंतीमागे दाब साचू न देणं. टेकडीच्या बाजूला थोडी जरी मोकळी जागा असेल तर भिंतीलगत चर खणा. त्यात १५० मिमीची छिद्रं असलेली नळी शंभराला एक उताराने टाका, भोवती २० ते ४० मिमीची खडी, आणि सगळ्याला न विणलेल्या जिओटेक्स्टाइलचं वेष्टन. वेष्टन विसरलात तर दोन-तीन पावसाळ्यांत खडीत माती भरून चर बंद पडेल. दर १५ मीटरवर साफसफाईचा चेंबर ठेवा. नळी जोडायची ती पर्जन्य जलवाहिनीला. मलवाहिनीला जोडली की पहिल्याच मुसळधार पावसात तुमच्या संडासातून पाणी उलट येईल, शिवाय ते नियमबाह्य आहे. खोदकाम एकदम सगळ्या लांबीचं करू नका. दोन-तीन मीटरचे तुकडे, एक पूर्ण झाला की पुढचा, आणि तेही ऑक्टोबरनंतर.

मागे जागाच नसेल तर आतून निचरा घ्यावा लागतो. भिंतीपुढे खळग्यांचा प्लास्टिक पत्रा, त्याच्या पायथ्याशी नाली, आणि त्यापुढे नवी पातळ भिंत. खोलीची चार इंच जागा जाते. सिमेंटची स्फटिक बनवणारी कोटिंग किंवा पीयू (पॉलीयुरेथेन) इंजेक्शन हे एखाद्या भेगेला उपयोगी आहेत, पण एक भेग बंद केली की पाणी शेजारची शोधतं. अशा कामांना पाच वर्षांची हमी देणारे भेटतील. त्यांना एवढंच विचारा की पाणी मग कुठून बाहेर पडणार. उत्तर नसेल तर काम देऊ नका.

प्रश्न: पाणीकपातीत आम्ही १० हजार लिटरचा टँकर मागवतो. तो मागच्या अंगणात, संरक्षक भिंतीच्या कडेशी उभा राहतो. कमिटीतले एक ज्येष्ठ सदस्य याला विरोध करतात. बाकीच्यांना हा विरोध फाजील वाटतो.
– सेक्रेटरी, वाळकेश्वर

उत्तर: ज्येष्ठांचं ऐका. दहा हजार लिटर पाणी म्हणजेच दहा टन, त्यात गाडीचं वजन धरलं की सोळाच्या आसपास. भिंतीच्या उंचीएवढं अंतर कडेपासून सोडूनच असा भार उभा करावा. चार मीटरची भिंत, तर चार मीटर आत. गाडी तिथवर जात नसेल तर रस्त्यावरून लांब होज लावा. कडेच्या पट्ट्यात पिवळी रेघ मारून कुंड्या ठेवल्या की प्रश्न मिटतो. पण त्या कुंड्यांचं पाणीही तिथेच मुरतं, तेव्हा मोजक्याच.

प्रश्न: मुंबईला पाणी देणारा जलाशय आमच्यापासून हाकेच्या अंतरावर, हँगिंग गार्डनखाली. तरीही आमच्या नळाला दाब नाही आणि खाली ताडदेवच्या नातेवाइकांकडे चांगला आहे. हा उलटा न्याय का?
– एक निवृत्त शिक्षक, मलबार हिल

उत्तर: न्याय उलटा नाही, गुरुत्वाकर्षणाचा आहे. हँगिंग गार्डन, म्हणजे फिरोजशाह मेहता उद्यान, खरोखरच जलाशयाच्या छतावर आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात बांधलेल्या या जलाशयात सुमारे १४ कोटी ७७ लाख लिटर पाणी मावतं, आणि कुलाब्यापासून ताडदेवपर्यंतच्या दक्षिण मुंबईच्या मोठ्या भागाला त्यातून पाणी जातं. तो टेकडीवर आहे, तो याचसाठी की पाणी पंपाविना खाली जावं. नियम सोपा आहे: दर दहा मीटर उताराला साधारण एक किलो (दर चौरस सेंटिमीटरला) दाब. चाळीस मीटर खाली असलेल्याला, घर्षणात जातो तो सोडून, चार किलोपर्यंत मिळू शकतो. जलाशयाच्या पाण्यापेक्षा पाच मीटर खाली असलेल्याला फार तर अर्धा. जवळ असणं हा इथे तोटाच.

तेव्हा तुम्हाला जमिनीखालची टाकी आणि गच्चीवर चढवायला पंप याला पर्याय नाही. दरडोई १३५ लिटर हे प्रमाण धरलं तर चाळीस घरं, घरटी पाच माणसं, म्हणजे दिवसाला २७ हजार लिटर. टाकी किमान एवढी हवी. महापालिकेच्या नळजोडणीवर थेट मोटर लावू नका. बेकायदा तर आहेच, पण मोटरने वाहिनीत ओढ निर्माण झाली की शेजारून जाणाऱ्या गटाराचं पाणी गळक्या सांध्यांतून आत येतं. गढूळ पाण्याच्या तक्रारींमागे बऱ्याचदा हेच असतं.

उतारावरच्या लोकांसाठी एक जास्तीची गोष्ट. ही टाकी गळत असेल तर ते पाणी थेट टेकडीत जातं. वर्षातून एकदा टाकी भरून रात्री पाणी येण्याजाण्याचे सगळे व्हॉल्व्ह बंद करा आणि आतल्या भिंतीवर पातळीची खूण करा. सहा बाय चार मीटरच्या टाकीत सकाळी पातळी एक सेंटिमीटर उतरली असेल तर एका रात्रीत २४० लिटर टेकडीला पाजलेत. उन्हाळ्यातही ओली राहणारी संरक्षक भिंत दिसली की आधी वरच्या सोसायटीची टाकी तपासायला सांगावी.

प्रश्न: भिंतीत पिंपळ उगवला आहे, मनगटाएवढा जाड. शिवाय उतारावर दोन मोठे गुलमोहर कललेले आहेत. तिन्ही तोडून टाकावेत का?
– एक वाचक, कंबाला हिल

उत्तर: तिघांना एकाच मापाने तोलू नका.

पिंपळ जायलाच हवा, पण उपटून नाही. मुळं दरजांत आत गेलेली असतात. ओढलं की दगडच सुटून येतात. फांद्या उतरवून खोड भिंतीशी कापा, मग मुळाभोवतीचे चार-सहा दगड क्रमांक घालून सोडवा, मूळ जिथवर दिसतं तिथवर काढा आणि दगड पुन्हा चुना-सिमेंटच्या मसाल्यात बसवा. ते एका दिवसात उघडून त्याच दिवशी बंद करा. बोटाएवढा असताना काढला असता तर हे काम अर्ध्या तासाचं होतं. दर दिवाळीनंतर भिंतीवर फेरी मारा.

गुलमोहर वेगळे. उतारावरच्या झाडांची मुळं वरचा एक-दोन मीटरचा मातीचा थर धरून ठेवतात. झाड तोडल्यावर मुळं काही वर्षांत कुजतात, त्यांच्या जागी पोकळ नळ्या राहतात आणि पाणी त्यांतून आत धावतं. म्हणून धोका दिसतो तो दोन-चार पावसाळ्यांनी, तोडणारे विसरून गेल्यावर. कलण्याचं कारण आधी शोधा. खोड जमिनीशी वाकून वर सरळ झालेलं असेल तर माती बराच काळ हळूहळू सरकते आहे. खोड सरळ आणि अख्खं झाड कललेलं, बुंध्याशी ताजी भेग असेल तर धोका आजचा. बहुतेक वेळा समुद्राकडच्या जड फांद्या हलक्या केल्या की पुरतं. फांदी असो की झाड, महाराष्ट्र (नागरी क्षेत्रे) झाडांचे संरक्षण व जतन अधिनियम, १९७५ खाली वृक्ष अधिकाऱ्याची परवानगी लागते. अर्ज महापालिकेच्या डी विभागाच्या उद्यान खात्यात, झाडांच्या फोटोंसह. मार्चमध्ये द्या. मेअखेर तिथे रांग असते.

प्रश्न: समुद्राच्या बाजूच्या बाल्कनीच्या स्लॅबचे पोपडे पडून लोखंड दिसतं. तीन वर्षांपूर्वी याच जागेच्या शेजारी दुरुस्ती झाली होती.
– एक वाचक, नेपियन सी रोड

उत्तर: शेजारी झाली म्हणूनच आता इथे झालं, असं होऊ शकतं. खाऱ्या हवेतला क्लोराइड काँक्रीटमध्ये पसरलेला असतो. एक तुकडा नव्या मसाल्याने भरला की त्यातली सळई सुरक्षित होते आणि गंज तिच्या कडेला, जुन्या काँक्रीटमध्ये सरकतो. गंजलेल्या लोखंडाचं आकारमान मूळच्या कित्येक पट होतं, ते काँक्रीट फोडतं. उपाय एवढाच की सळईच्या मागेही २० ते २५ मिमी काँक्रीट काढायचं, चकचकीत लोखंड दिसेपर्यंत घासायचं, जाडी चौथाईहून जास्त गेली असेल तर नवी सळई जोडायची, मग झिंकचा प्रायमर आणि पॉलिमर मिसळलेला मसाला. पन्नास मिमीहून जास्त खोली असेल तर मायक्रो-काँक्रीट. सात दिवस ओलं ठेवा, हे सोडून बाकी सगळं होतं आणि तिथेच काम फसतं.

पुढची दुरुस्ती कुठे लागेल हे आधीच कळायला हाफ-सेल चाचणी (सळईचा विद्युत दाब मोजून गंजाचा अंदाज घेणारी) करून घ्या. उणे ३५० मिलिव्होल्टपेक्षा खाली गेलेल्या जागा गंजायला लागलेल्या समजाव्यात, भले वरून गुळगुळीत दिसोत. नव्या कामात समुद्रकाठी सळईवर किमान ४५ मिमी काँक्रीटचं आवरण हवं. जुन्या बाल्कन्यांत ते २० सुद्धा सापडत नाही. आणि एसीचे ब्रॅकेट साध्या रंगवलेल्या लोखंडाचे असतील तर ते आधी बदला. ते पडतात ते खालून जाणाऱ्यावर.

प्रश्न: मलबार हिलवरचा, झाडांतून जाणारा नवा लाकडी मार्ग आईला दाखवायचा आहे. वय ७८. जमेल?
– एक वाचक, गिरगाव

उत्तर: मार्ग ४८५ मीटर लांब आणि २.४ मीटर रुंद आहे, सावकाश चालून अर्धा तास धरा. मार्च २०२५ मध्ये सुरू झाला. तिकीट वेळेच्या हिशेबाने ऑनलाइन काढायचं असतं. सकाळी सहा-सातची वेळ घ्या, दुपारी आणि शनिवार-रविवारी रेटारेटी असते. पावसात फळ्या निसरड्या होतात, रबरी तळव्याची चप्पल घाला. कमला नेहरू पार्कच्या बाजूला टॅक्सीने सोडायला सांगा. सिरी रोडच्या टोकाकडून यायचं तर मुकाट्याने चढावं लागेल. या रस्त्याचं नावच ‘शिडी’वरून पडलेलं आहे.

प्रश्न: मलबार हिलवर १९६० च्या दशकातल्या इमारतीत फ्लॅट घेतो आहे. दलाल म्हणतो, समोर कधीच टॉवर येणार नाही, तसा नियमच आहे. आणखी काय तपासावं?
– एक वाचक, दादर

उत्तर: आधी कागद. मुंबई शहरात सातबारा नसतो. जमिनीची ओळख सी. एस. (कॅडस्ट्रल सर्व्हे) नंबरने होते आणि या भागाचा विभाग आहे ‘मलबार अँड कंबाला हिल’. मालमत्ता पत्रक आणि नकाशा काढा, आणि नकाशा हातात घेऊन संरक्षक भिंतीपर्यंत चाला. भिंत तुमच्या हद्दीत आहे, वरच्या सोसायटीच्या की रस्त्याच्या, हे आज कळलं पाहिजे. भिंतीच्या दुरुस्तीची वर्गणी फ्लॅटच्या किमतीत कुणीच सांगत नाही. तीस वर्षं उलटलेल्या इमारतीची महापालिका कायद्याच्या कलम ३५३ ब खालची संरचनात्मक तपासणी झाली आहे का, आणि इमारत कोणत्या वर्गात आहे, ते पाहा. सी-१ म्हणजे रिकामी करून पाडायची, सी-२ मध्ये दुरुस्ती. अहवालाचं शेवटचं पान दाखवतील. मधली पानं मागा, भिंतीचा उल्लेखच नसेल तर ती तपासलेलीच नाही. भोगवटा प्रमाणपत्र आणि गेल्या पाच वर्षांच्या सभांची इतिवृत्तं मागा. ‘गळती’ हा शब्द किती वेळा आणि कुणाच्या नावापुढे येतो ते वाचा.

घर पाहायला जुलै-ऑगस्टमध्ये जा. दलाल डिसेंबर सुचवेल. कपाटांमागे हात घाला, जिन्याखालची मीटरची खोली उघडायला लावा.

आता समोरच्या टॉवरचं. कमला नेहरू पार्क आणि फिरोजशाह मेहता उद्यानातून दिसणारं बॅकबेचं, म्हणजे चौपाटीसमोरच्या समुद्राचं, दृश्य टिकावं म्हणून विकास नियंत्रण नियमांत ठरावीक पट्ट्यातल्या इमारतींच्या उंचीवर मर्यादा घातलेली आहे, हे खरं. पण तिने राखलंय ते बागेत उभ्या राहणाऱ्या माणसाचं दृश्य, तुमच्या खिडकीतलं नाही. सुविधाधिकार कायदा, १८८२ खाली वीस वर्षांच्या अखंड वापराने उजेड आणि हवेचा हक्क मिळू शकतो. समुद्र दिसण्याचा मिळत नाही. तेव्हा समोरचा भूखंड त्या पट्ट्यात येतो का हे विकास आराखड्याच्या शेऱ्यात लेखी मिळवा, आणि नसेल तर त्या खिडकीचे पैसे दलाल सांगेल त्या दराने देऊ नका.